चर्चगेटचं टेनिस: मुंबई ओपनच्या पहिल्या चार स्पर्धा आणि मधली पाच वर्षं

अरिना सबालेंकाच्या विजेतेपदांची अधिकृत यादी काढलीत, तर पहिलं नाव दिसेल अमेरिकेतल्या न्यू हेवनचं, ऑगस्ट २०१८. त्याच्या नऊ महिने आधी, नोव्हेंबर २०१७ मध्ये, ती चर्चगेटच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात, म्हणजे आपल्या सीसीआयमध्ये, अंतिम सामना जिंकून चषक घेऊन गेली होती. समोर होती स्लोव्हेनियाची दालिला याकुपोविच, आणि निकाल ६-२, ६-३. पण हे विजेतेपद त्या यादीत नाही. यादी करणाऱ्यांचं काही चुकलेलं नाही. मुंबईची स्पर्धा ज्या दर्जाची, त्या दर्जाची विजेतेपदं मुख्य दौऱ्याच्या खात्यात धरतच नाहीत.

टीव्हीवर आपण जे टेनिस बघतो, त्याच्या लगेच खालच्या पायरीवर मुंबई ओपन बसते. दर्जाचं नाव डब्ल्यूटीए १२५. २०१७ आणि २०१८ अशी दोन वर्षं ती भरली, मग पाच वर्षं गायब झाली, आणि २०२४ व २०२५ मध्ये पुन्हा त्याच कोर्टांवर आली. विजेत्यांची नावं कुठेही मिळतील. पण ही स्पर्धा असते कशासाठी, परदेशी मुली तिथे कशाला येतात, आणि ती नसते तेव्हा आपल्या मुलींचं काय अडतं, हे सहसा कोणी सांगत नाही. बातमी येते ती अंतिम सामन्याची, तीही खेळाच्या पानाच्या तळाशी.

उतरंड

महिलांच्या व्यावसायिक टेनिसमध्ये सगळ्यात वर चार ग्रँड स्लॅम. जिंकणारीला २००० गुण. त्याखाली डब्ल्यूटीए या संघटनेचा मुख्य दौरा: १०००, ५०० आणि २५०. हे आकडे म्हणजे विजेतीला मिळणारे गुण, त्यामुळे लक्षात ठेवायला सोपे. त्याखाली १२५. आणि त्याही खाली आयटीएफ या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या स्पर्धा: डब्ल्यू १००, ७५, ५०, ३५ आणि अगदी तळाला डब्ल्यू १५. तिथे आठवडाभर खेळून जिंकलात तर १५ गुण.

१२५ या आकड्याची कथा जरा वेगळी आहे. २०१२ मध्ये हा दर्जा सुरू झाला तेव्हा तो बक्षिसाच्या रकमेवरून पडला होता, सव्वा लाख डॉलर. गुण मात्र विजेतीला १६० मिळायचे. २०२४ पासून गुणांचा तक्ता बदलला आणि इथेही विजेतीला १२५ गुण झाले. म्हणजे सबालेंकाने मुंबईतून १६० गुण नेले, पण २०२४ च्या विजेतीने तेवढंच खेळून १२५. जुन्या-नव्या निकालांची तुलना करताना हे लक्षात ठेवायला हवं.

मुंबईकराला समजेल असं सांगायचं तर कसोटी, रणजी आणि कांगा लीग अशी ही रचना आहे. १२५ म्हणजे साधारण रणजी. पण एक फार मोठा फरक आहे. रणजीत धावांचा डोंगर रचला तरी वरचं दार निवड समिती उघडते. टेनिसमध्ये निवड समितीच नाही. तुमच्या नावावर गुण किती, तेवढंच बघायचं. ओळख, वशिला, ‘यंदा तरुणांना संधी देऊ’ वगैरे काही नाही. (वाइल्ड कार्ड नावाची एक फट आहे. तिच्याकडे नंतर येतो.)

गुण साठत जातात असंही नाही. कोणत्याही आठवड्यात मिळालेले गुण ५२ आठवडे टिकतात आणि मग गळतात. गेल्या वर्षी फेब्रुवारीत उपांत्य फेरी गाठली असेल, तर या फेब्रुवारीत तेवढं पुन्हा करा, नाही तर क्रमवारीत खाली या. खेळाडू सारख्या विमानात का असतात, त्याचं निम्मं उत्तर या नियमात आहे.

आता पैसे. २०२४ च्या अमेरिकन ओपनमध्ये एकेरीच्या पहिल्याच फेरीत हरणाऱ्या प्रत्येक खेळाडूला १ लाख डॉलर मिळाले. मुंबई ओपनच्या बक्षिसाची सगळी रक्कम सव्वा लाख डॉलरच्या आसपास, आणि ती एकेरीच्या बत्तीस जणी, दुहेरीच्या सोळा जोड्या आणि पात्रता फेरीतल्या मुली यांच्यात वाटायची. थोडक्यात, न्यूयॉर्कमध्ये एक सामना हरण्याची किंमत आणि चर्चगेटला आठवडाभराच्या अख्ख्या स्पर्धेची किंमत जवळपास एकच.

मग या मुली मुंबईत येतात कशाला? न्यूयॉर्कमध्ये तो एक सामना हरायला मिळावा म्हणून. ग्रँड स्लॅमच्या मुख्य ड्रॉमध्ये, म्हणजे सामन्यांच्या मुख्य यादीत, १२८ जागा असतात. त्यातल्या १०४ थेट क्रमवारीवरून भरतात, १६ पात्रता फेरीतून आणि ८ वाइल्ड कार्डवर. म्हणजे पहिल्या शंभरात असलात तर वर्षातून चार वेळा मोठ्या रकमेचा धनादेश नक्की. एकशे दहावर असलात तर हातात काही नाही, पात्रता फेरीचे तीन सामने आधी जिंका. ही रेघ ओलांडायला शे-दीडशे गुण लागतात, आणि एका आठवड्यात तेवढे गुण देणारी, पहिल्या पन्नासातल्या बहुतेक खेळाडू जिथे फिरकत नाहीत अशी जागा म्हणजे १२५.

सुरुवात पुण्यात

मुंबईच्या आधी पुणं. डब्ल्यूटीएने हा दर्जा सुरू केला त्याच पहिल्या वर्षी, नोव्हेंबर २०१२ मध्ये, बालेवाडीला रॉयल इंडियन ओपन झाली. अंतिम सामन्यात एका बाजूला अठरा वर्षांची युक्रेनची एलिना स्वितोलिना, दुसऱ्या बाजूला बेचाळीस वर्षांची जपानची किमिको दाते-क्रुम. स्वितोलिना ६-२, ६-३ ने जिंकली. पुढे ती क्रमवारीत तिसऱ्या स्थानापर्यंत गेली आणि टोकियो ऑलिंपिकमध्ये कांस्यपदकही जिंकली. बालेवाडीची ती स्पर्धा मात्र एकदाच भरली. दुसरं वर्ष आलंच नाही.

सीसीआयला तरी हे कुठे नवीन होतं? त्याच क्लबात २००६ आणि २००७ मध्ये पुरुषांची एटीपी दौऱ्यावरची स्पर्धा झाली होती. पहिल्या वर्षी दिमित्री तुर्सुनोव्हने टोमास बर्डिचला हरवलं, दुसऱ्या वर्षी रिशार गास्के जिंकला. ही स्पर्धा मुंबईत आली होती व्हिएतनाममधून, हो ची मिन्ह सिटीतून. मुंबईहून ती बंगळुरूला निघाली आणि २००८ मध्ये सुरक्षेच्या कारणावरून रद्द झाली.

ती स्पर्धा ‘आली’ आणि ‘निघाली’ असं म्हणतोय, कारण टेनिसमध्ये खरंच तसं होतं. स्पर्धा ही गावाची नसते. कॅलेंडरमधल्या एका आठवड्याचा तो परवाना असतो. ज्याच्याकडे परवाना, तो ठरवणार कुठे खेळवायचं. चेन्नईची प्रसिद्ध एटीपी स्पर्धा २०१८ मध्ये पुण्यात महाराष्ट्र ओपन झाली आणि २०२३ नंतर तो आठवडा हाँगकाँगला गेला. प्रेक्षक तेच, कोर्ट तेच, पण प्रायोजकाचा करार संपला की पाटी उतरते. क्रिकेटवर वाढलेल्या आपल्याला हे पचायला जड जातं. वानखेडेवरचा सामना कोणी उचलून नेत नाही.

महिलांच्या बाबतीत तर आणखी कोरड होती. २००८ मध्ये बंगळुरूला सेरेना विल्यम्स जिंकली, त्यानंतर डब्ल्यूटीएच्या मुख्य दौऱ्यावरची स्पर्धा भारतात यायला थेट सप्टेंबर २०२२ उजाडला, आणि तीही चेन्नईत. त्या चौदा वर्षांत सानिया मिर्झाची एकेरीची कारकीर्द संपली आणि दुहेरीत ती जगात पहिली झाली. आपल्या देशात मात्र तिच्या मागून येणाऱ्या मुलींना बघायला आणि खेळायला काय होतं? पुण्यातला २०१२ चा एक आठवडा, आणि मग मुंबई.

२०१७ आणि २०१८

२०१७ ची नोव्हेंबरअखेरची तारीख मुद्दाम निवडल्यासारखी होती. मुख्य दौरा तोवर आटोपलेला असतो. ऑस्ट्रेलियन ओपन जानेवारीच्या मध्यावर सुरू होते आणि तिच्या प्रवेशाची यादी साधारण सहा आठवडे आधी, डिसेंबरच्या सुरुवातीला बंद होते. म्हणजे नोव्हेंबरातली १२५ ही गुण मिळवायची जवळजवळ शेवटची संधी. त्या आठवड्यात येणाऱ्या मुली सुट्टीवर नसतात. त्या पहिल्या शंभराच्या रेघेच्या आत-बाहेर असतात आणि काठावर बसून आकडेमोड करत असतात.

सबालेंका तेव्हा एकोणीस वर्षांची होती. ऑक्टोबरात तियानजिनच्या अंतिम सामन्यात मारिया शारापोव्हाने तिला दोन सेटमध्ये, पण घाम गाळायला लावून, हरवलं होतं. नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात मिन्स्कमध्ये फेड कप या महिलांच्या सांघिक स्पर्धेच्या अंतिम लढतीत, बेलारूसकडून खेळताना, तिने स्लोन स्टीफन्सला हरवलं. स्टीफन्स त्या वर्षीची अमेरिकन ओपन विजेती. आणि तिथून आठवडाभरात ही मुलगी चर्चगेटला! मिन्स्कच्या थंडीतून मुंबईच्या दमट हवेत. जानेवारीत ती ऑस्ट्रेलियन ओपनच्या मुख्य ड्रॉमध्ये होती, पहिल्याच फेरीत अ‍ॅशली बार्टीशी गाठ पडली आणि तीन सेटमध्ये हरली. सप्टेंबर २०२३ मध्ये ती जगात पहिली झाली. तोवर मुंबईतल्या त्या आठवड्याची आठवण कोणाला राहिली असेल, तर ती सीसीआयच्या कोर्टाजवळ बसलेल्यांना.

याकुपोविचचा तो आठवडा मात्र मला जास्त रंजक वाटतो. एकेरीत ती अंतिम फेरीत हरली, आणि दुहेरीतही. दुहेरीत तिची जोडीदार होती रशियाची इरिना ख्रोमाचेव्हा. त्यांना मेक्सिकोची व्हिक्टोरिया रॉड्रिगेझ आणि हॉलंडची बिबियान स्खूफ्स यांनी हरवलं, तेही तिसऱ्या सेटऐवजी होणाऱ्या सुपर टायब्रेकमध्ये, १०-७ असं. म्हणजे दोन्ही अंतिम सामने खेळून चषक एकही नाही. पुढच्याच वर्षी, २०१८ ला, ख्रोमाचेव्हा एकेरीच्या अंतिम फेरीत पोहोचली. पहिला सेट ६-१ घेतला, पुढचे दोन ६-२, ६-३ गमावले. जिंकली थायलंडची लुक्सिका कुमखुम. ही फोरहँडही दोन्ही हातांनी मारते. २०१४ च्या ऑस्ट्रेलियन ओपनमध्ये पेत्रा क्विटोव्हाला पहिल्या फेरीत घरी पाठवणारी हीच.

त्या २०१८ च्या दुहेरीतल्या विजेत्या जोडीकडेही जरा बघा. त्यातली वेरोनिका कुदेरमेतोव्हा पुढे एकेरीत पहिल्या दहात गेली आणि एलिस मर्टेन्सबरोबर विम्बल्डनची दुहेरीही जिंकली. दुसरी नातेला झालामिझे. २०२२ मध्ये विम्बल्डनने रशियन खेळाडूंना बंदी घातली, तेव्हा जॉर्जियाचं नागरिकत्व घेऊन ती तिथे खेळली. दुसऱ्या फळीतल्या स्पर्धेच्या जुन्या याद्या चाळण्यात ही मजा आहे. तेव्हा अनोळखी असलेली नावं आता डोळे मिचकावतात.

मधली पाच वर्षं

२०१९ मध्ये मुंबई ओपन भरली नाही. २०२० आणि पुढचं वर्ष करोनाने खाल्लं. २०२२ आणि २०२३ मध्येही नाही. लार्सन अँड टुब्रो हे मुख्य प्रायोजक, त्यांचं नाव स्पर्धेला लागलेलं, चारही वर्षं तेच. स्पर्धा उभी करायची म्हणजे बक्षिसाची रक्कम डॉलरमध्ये आधी हमीने ठेवायची. मग खेळाडूंच्या हॉटेलच्या खोल्या, चेअर अंपायर आणि लाइनमन, फिजिओ, उत्तेजक चाचणी, चेंडू, थेट प्रक्षेपण, आणि बॉलबॉय-बॉलगर्लच्या शाळेतल्या रजेची परवानगी इथपर्यंत सगळं. या खर्चाला तिकिटबारीवरून काही परत येत नाही. त्यामुळे एक वर्ष खंड पडला की गाडी पुन्हा रुळावर आणायला प्रायोजक, राज्य संघटना आणि क्लब तिघांना एकदम तयार व्हावं लागतं.

या खंडाची किंमत आपल्याकडे कोणी मोजली? अंकिता रैनाचं उदाहरण घेऊ. मार्च २०२० मध्ये ती एकेरीत जगात १६० वी होती. तिच्या आयुष्यातलं सर्वोत्तम स्थान. भारताच्या मुलींमध्ये पहिल्या शंभरात गेलेली एकच, सानिया. १६० वरून त्या रेघेकडे सरकायचं तर मोठ्या गुणांचे आठवडे हवेत. ते तिने शोधले चीनमध्ये, युरोपात, ऑस्ट्रेलियात. त्याच ऑस्ट्रेलियात फेब्रुवारी २०२१ मध्ये तिने रशियाच्या कामिला राखिमोव्हाबरोबर दुहेरीचं डब्ल्यूटीए विजेतेपद मिळवलं. एकेरीत मात्र ग्रँड स्लॅमचा मुख्य ड्रॉ तिला लाभला नाही. घरच्या कोर्टावर एक १२५ दरवर्षी असती तर चित्र बदललंच असतं, असं मी म्हणणार नाही. पण तिच्या सगळ्यात चांगल्या वर्षांत ती नव्हती, हे खरं आहे.

आपलीच आणखी एक खेळाडू, करमनकौर थांडी, २०१८ च्या ऑगस्टमध्ये १९६ वी होती. त्याच वर्षी मुंबईत स्पर्धा भरली, आणि पुढे बंद.

घरचं कोर्ट म्हणजे नेमकं काय मिळतं? प्रेक्षकांच्या टाळ्या हा त्यातला सगळ्यात बिनमहत्त्वाचा भाग. व्हिसासाठी रांग नाही. विमानाचं तिकीट डॉलरमध्ये नाही. प्रशिक्षक बरोबर येऊ शकतो, कारण त्याचं भाडंही तुम्हीच भरायचं असतं, आणि घरी ते परवडतं. जेवण ओळखीचं. आणि वाइल्ड कार्ड. यजमानांना मुख्य ड्रॉमध्ये आणि पात्रता फेरीत काही जागा आपल्या मर्जीने देता येतात. क्रमवारीत पाचशेच्या पलीकडे असलेल्या मुलीला या दर्जाच्या ड्रॉमध्ये दुसऱ्या कुठल्या देशात कोण घेणार? तिला तिथे पोहोचायला आधी वर्ष-दोन वर्षं डब्ल्यू १५ आणि डब्ल्यू ३५ खेळत फिरावं लागतं.

थायलंडकडे बघितलं की हे लख्ख दिसतं. नॉन्थाबुरीला आयटीएफच्या स्पर्धा सतत चालू असतात, हुआ हिनला डब्ल्यूटीए २५० झाली आहे. मुंबईच्या पहिल्या चार अंतिम फेऱ्यांपैकी दोनमध्ये थाई मुलगी होती. आपली एकेरीत एकाही नाही.

२०२४: जुनी माणसं, नवी तारीख

फेब्रुवारी २०२४ मध्ये स्पर्धा परतली ती नव्या तारखेला. वर्षअखेरची शेवटची संधी आता राहिली नव्हती. आता ती ऑस्ट्रेलियन ओपन संपल्यानंतरच्या आठवड्यांत आली. वरच्या क्रमांकाच्या मुली तेव्हा आखाताकडे वळतात, अबू धाबी, दोहा, दुबई. युरोपातल्या रोमानियात क्लुजची स्पर्धा. उरलेल्यांसाठी मुंबई. त्याच सुमाराला बंगळुरू आणि पुण्यात आयटीएफच्या स्पर्धा असल्या, तर भारतात दोन-तीन आठवडे मुक्काम ठोकून खेळता येतं. खेळाडूच्या खिशाच्या हिशोबाने हे फार सोयीचं.

पहिल्याच फेरीत हैदराबादच्या सहजा यमलापल्लीने अव्वल मानांकित अमेरिकेच्या कायला डेला ६-४, १-६, ६-४ असं हरवलं. डे तेव्हा ९२ वी होती. पहिल्या शंभरातल्या खेळाडूशी सामना खेळायला मिळणं हीच भारतीय मुलीच्या वाट्याला क्वचित येणारी गोष्ट.

चषक लॅटव्हियाच्या डारिया सेमेनिस्टायाकडे गेला. अंतिम सामन्यात ऑस्ट्रेलियाच्या स्टॉर्म हंटरविरुद्ध पहिला सेट गमावून, दुसरा टायब्रेकरवर खेचून, तिसरा ६-२ ने. हंटर काही महिन्यांपूर्वीच दुहेरीत जगात पहिली झाली होती.

दुहेरीत मराठी वाचकाने थांबावं असं काही झालं. अंतिम सामन्यात बार्शीची प्रार्थना ठोंबरे होती, नेदरलँड्सच्या अरियान हार्टोनोबरोबर. प्रार्थना म्हणजे २०१४ च्या इंचॉन आशियाई स्पर्धेत सानियाबरोबर कांस्यपदक जिंकणारी आणि २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्येही सानियाची जोडीदार. सोलापूर जिल्ह्यातल्या गावातून टेनिस खेळत ऑलिंपिकला पोहोचणं म्हणजे काय, ते तिकडच्या माणसाला विचारा. तो अंतिम सामना ती हरली. जिंकणाऱ्या जोडीत होती अमेरिकेची सॅब्रिना सांतामारिया आणि... दालिला याकुपोविच. २०१७ ला दोन्ही अंतिम सामने हरून गेलेली. मधल्या काळात २०२० च्या ऑस्ट्रेलियन ओपनच्या पात्रता फेरीत वणव्याच्या धुरामुळे खोकल्याची उबळ येऊन ती कोर्टावरच गुडघ्यांवर बसली होती. ते दृश्य जगभर गाजलं. मुंबईचा चषक तिला मिळाला तो सव्वासहा वर्षांनी.

मुंबई आणि महिला टेनिस हे नातं खरं तर फार जुनं आहे, आणि ते सांगायचा मोह आवरत नाही. १९३४ मध्ये विम्बल्डनवर सामना जिंकणारी पहिली भारतीय स्त्री लीला राव मुंबईचीच, संस्कृत लेखिका पंडिता क्षमा राव यांची मुलगी. तिच्या आईनेही रॅकेट हातात धरली होती. नंतर साठ-सत्तरच्या दशकात निरुपमा मंकड. पण हा स्वतंत्र लेखाचा विषय.

२०२५: पंधरा वर्षांची पाहुणी

२०२५ ची विजेती जिल टायकमन, डावखुरी स्विस खेळाडू. एके काळी ती क्रमवारीत एकविसावी होती. घसरण झाली आणि परतीच्या वाटेवर तिला मुंबई लागली. अंतिम फेरीत थायलंडच्या मनांचाया सावांगकाऊला ६-३, ६-४. या पायरीवर दोन्ही दिशांची गर्दी असते, वर चढणाऱ्यांची आणि पडून पुन्हा चढणाऱ्यांची. २०१७ ची सबालेंका पहिल्या प्रकारातली, टायकमन दुसऱ्या.

तरी त्या वर्षी गाजलं ते कोइम्बतूरच्या माया राजेश्वरन रेवतीचं नाव. पंधरा वर्षांची. पात्रता फेरीतून आत आली, उपांत्यपूर्व फेरीत जपानच्या मेई यामागुचीला तीन सेटमध्ये हरवलं आणि उपांत्य फेरीत टायकमनकडून ३-६, १-६ अशी हरली.

आता वरची उतरंड इथे लावून बघा. १२५ च्या उपांत्य फेरीला ४९ गुण. पात्रता फेरीचे थोडे वेगळे. डब्ल्यू १५ स्पर्धा सलग तीन जिंकल्या असत्या, म्हणजे तीन आठवडे, रोज जिंकत, बहुधा तीन वेगवेगळ्या गावांत, तर मिळाले असते ४५. मायाला एका आठवड्यात, एकाच क्लबात, त्याहून जास्त मिळाले. त्यातही उपांत्य फेरीतला तो हरलेला सामना ग्रँड स्लॅम खेळलेल्या, पहिल्या पंचवीसांत राहून आलेल्या खेळाडूशी. कनिष्ठ गटात वर्षभर खेळून तो अनुभव येत नाही.

उपांत्य फेरीच्या ऐवजी पहिल्याच फेरीत हरली असती तर? मुख्य ड्रॉच्या पहिल्या फेरीत हरणारीला १ गुण. दुसऱ्या फेरीत हरणारीला १५, उपांत्यपूर्व फेरीत २७. एकेका सामन्यावर किती टांगलेलं असतं, ते या आकड्यांवरून कळतं. मंगळवारी दुपारी रिकाम्या खुर्च्यांपुढे चाललेला पहिल्या फेरीचा सामना म्हणूनच अंतिम सामन्याइतकाच ताणलेला असतो.

बघायला जायचं तर

अंतिम सामन्याच्या दिवशी जाऊ नका, असं मी म्हणेन. किंवा जा, पण त्याआधीही एकदा जा. सीसीआय चर्चगेट स्टेशनपासून चालत पाच-सात मिनिटांवर, ब्रेबॉर्न स्टेडियमला लागून. कोर्ट कडक पृष्ठभागाचं. छोट्या कोर्टांवर खेळाडू आणि तुमच्यात हातभर अंतर असतं, जे टीव्हीवरच्या स्पर्धांत लाखभर रुपयांच्या खुर्चीवरही मिळत नाही.

सर्व्हिसच्या आधी बघा. खेळाडू बॉलगर्लकडून तीन चेंडू मागते, तिन्ही उलटसुलट करून निरखते, लव फुगलेला परत फेकते, एक खिशात, एक हातात. दमट हवेत जुना चेंडू जड होतो, सर्व्हिसला तो नकोच. बाजू बदलताना बर्फाचा टॉवेल मानेवर. बहुतेक जणींबरोबर प्रशिक्षक नसतो. सामना संपला की स्वतःची किटबॅग स्वतः उचलून, फोन काढून, पुढच्या विमानाचं बघत निघतात.

दुहेरीचे सामने चुकवू नका. तिथे ४०-४० झालं की पुढच्या एका गुणावर गेमचा निकाल, आणि ती सर्व्हिस दोघींपैकी कोणी परतवायची ते परतवणाऱ्या जोडीने ठरवायचं. दोघी जणी तोंडापुढे चेंडू धरून काहीतरी ठरवतात. सेट एक-एक झाले तर तिसरा सेट नाहीच, दहा गुणांचा सुपर टायब्रेक. रॉड्रिगेझ आणि स्खूफ्स २०१७ ला जिंकल्या त्या याच नियमावर.

पात्रता फेरी आठवड्याच्या शेवटाला, मुख्य स्पर्धेच्या आधी सुरू होते. मायाचे पहिले दोन सामने त्याच फेरीतले होते.